चाल सोडली, मैदान नाही

(नामदेव ढसाळ यांच्या स्मरणार्थ भंडारा येथे दिलेल्या व्याख्यानाचा मुद्रित मजकूर)



२०१४च्या जानेवारीत सहा दिवसांच्या अंतराने दोन कवी गेले. ९ तारखेला अमेरिकेतल्या न्यूअर्कमध्ये अमिरी बराका आणि १५ तारखेला मुंबईत नामदेव ढसाळ. बराकांनी न्यूयॉर्कच्या प्रयोगशील कवींच्या गोटात नाव कमावले होते. १९६५मध्ये तो गोट सोडून ते हार्लेमच्या कृष्णवर्णीय वस्तीत गेले आणि कविता, नाटक, चळवळ यांचा संसार त्यांनी एकाच छपराखाली मांडला. ढसाळांना वस्तीत जावे लागले नाही, ते वस्तीतलेच होते. त्यांचा प्रवास उलट्या दिशेने झाला. मुंबईतल्या गोलपिठ्याच्या वस्तीतून निघून ते प्रयोगशील कवितेच्या पानावर आले आणि ते पान हातात घेऊन पुन्हा वस्तीच्या सभेत उभे राहिले.

या परतीच्या वाटेविषयी मला आज बोलायचे आहे. ढसाळांच्या शिव्यांविषयी, गटारांविषयी, वेश्यावस्तीच्या वर्णनांविषयी पन्नास वर्षे बोलून झाले. त्याने हादरलेला वाचक आता आजोबा झाला आहे आणि त्याच्या नातवाला त्या शब्दांचे फारसे काही वाटत नाही. तरीही ती कविता जुनी होत नाही, ती का?

माझे म्हणणे थोडक्यात असे. मराठीत कवितेची दोन ठिकाणे आपण वेगवेगळी ठेवली आहेत, पान आणि मैदान. पानावरची कविता अवघड असली तरी चालते. मैदानावरची मात्र सोपी हवी, चालीत हवी, ध्रुपद चटकन उचलता यायला हवे. ढसाळांनी पानावरची अवघड, बिनचालीची कविता घेतली आणि तिच्यासाठी मैदान मागितले. चाल सोडली, पण चालीमुळे जमणारी गर्दी सोडली नाही. हा त्यांचा खरा प्रयोग. तो कुठे जमला, कुठे फसला, त्याची किंमत कुणी मोजली, हे आपण पाहू. भंडाऱ्यात हा विषय काढण्याचे कारणही आहे. मैदानाची परंपरा जिथे अजून पोट भरते आणि रात्र जागवते, अशा थोड्या जिल्ह्यांपैकी हा एक आहे.

तेव्हा मैदानापासूनच सुरुवात करू. दिवाळी उलटली की साकोली, लाखांदूर, पवनीच्या बाजूला गावोगाव मंडई भरते. दिवसा बाजार आणि पाहुणे, रात्री दंडार नाहीतर खडी गंमत. गंमतीत कलावंत उभे आणि साथीदारही त्यांच्या मागे उभेच. एक गडी लुगडे नेसून नाच्या झालेला. ढोलकीवर थाप पडते, गाणे होते, मग सवाल-जवाब, मग प्रसंग. मध्येच प्रेक्षकांतून कुणीतरी नोट पुढे करतो आणि देणाऱ्याचे नाव सगळ्यांदेखत पुकारले जाते. तो माणूस क्षणभर खेळातले पात्र होतो. चार घरांपलीकडच्या त्याच्या भावकीला वाटते, आता आपणही द्यायला हवी. लोक तिथे नुसते बघायला बसलेले नसतात, खेळ त्यांच्या सहभागाने पुढे सरकतो.

हे सगळे कशावर उभे असते? चालीवर. चाल लोकांना आधीच पाठ असते. शब्द नवे असले तरी कान निर्धास्त असतो, कारण ओळ कुठे उतरणार, ध्रुपद कुठे येणार हे त्याला ठाऊक असते. चळवळीच्या माणसांनी ही गोष्ट फार लवकर ओळखली. सत्यशोधकांनी तमाशाचा साचा घेऊन जलसे उभे केले. त्याच वाटेने भीमराव कर्डकांसारख्या शाहिरांनी आंबेडकरी जलसा घडवला. गणातला देव गेला, गवळण गळाली किंवा पार पालटली, वगात सावकार, भट आणि पाणवठा आला. आपल्या दहा सभांच्या बरोबरीला बाबासाहेबांनी एक जलसा ठेवला होता, असे जुने कार्यकर्ते सांगत आले आहेत. १९४४मध्ये अण्णाभाऊ साठे, अमर शेख आणि द. ना. गव्हाणकर यांनी लालबावटा कलापथक काढले, तेव्हा गिरणगावात तेच घडले. पुढे वामनदादा कर्डकांनी आयुष्यभर गावे पालथी घालून गाणी बांधली. माणसे वेगळी, झेंडे वेगळे, पण युक्ती एकच: चाल जुनी, मजकूर नवा.

आता पानाकडे वळू. १९५५मध्ये ‘शब्द’ निघाले आणि साठीच्या दशकात ‘असो’, ‘येरू’, ‘फक्त’ अशी अनियतकालिके मुंबईत निघू लागली. अरुण कोलटकर, दिलीप चित्रे, अशोक शहाणे, राजा ढाले, सतीश काळसेकर, तुळसी परब, वसंत गुर्जर ही मंडळी त्यांच्या आसपास होती. थोड्या प्रती काढायच्या, हातोहात फिरवायच्या आणि प्रस्थापित मासिकांच्या संपादकांना विचारायचेच नाही, असा खाक्या. या मंडळींनी मराठी कवितेचा सूर मोडला, वृत्ताची आणि गोडव्याची सवय मोडली. बंड खरे होते. मात्र ते ज्यांनी ऐकले त्यांना मराठी कविता आधीच माहीत होती. बंड कळायला मोडलेली वस्तू ओळखीची असावी लागते आणि वस्तीतल्या हमालाला ती ओळखीची नव्हती.

टॅक्सी चालवणारा, पुणे जिल्ह्यातल्या खेड तालुक्यातल्या पूर-कनेरसरचा एक पोरगा या दोन जगांच्या मध्ये उभा राहिला. १९७२मध्ये त्याचा ‘गोलपिठा’ हा कवितासंग्रह आला. त्याला विजय तेंडुलकरांची प्रस्तावना आहे. ती लिहिण्यापूर्वी तेंडुलकर ढसाळांबरोबर कामाठीपुऱ्याच्या वस्तीतून फिरले आणि आपल्याला न कळलेल्या शब्दांची यादीच त्यांनी प्रस्तावनेत दिली. मराठी भाषेवर ज्याचा हात बसलेला, त्या नाटककाराला आपल्याच शहरातल्या मराठी कवितेचे शब्द विचारून घ्यावे लागले. ही गोष्ट अनेकदा गंमत म्हणून सांगितली जाते. मला तिची दुसरी बाजू महत्त्वाची वाटते. तेंडुलकरांना जे शब्द अडले ते कामाठीपुऱ्यातल्या कुणालाही अडले नसते. दारूच्या गुत्त्यातले, मटक्याच्या अड्ड्यावरचे, खानावळीतले, कोठ्यावरचे शब्द तिथे रोजच्या व्यवहाराचेच होते. पण ज्या रीतीने ते शब्द एकापुढे एक ठेवले होते, सूर्य आणि गटार एकाच वाक्यात, तत्त्वज्ञान आणि शिवी एकाच श्वासात, ती रीत त्या वस्तीने कधी ऐकलेली नव्हती.

म्हणजे झाले असे की पानाच्या वाचकाला रचना कळत होती, शब्द कळत नव्हते. वस्तीच्या श्रोत्याला शब्द कळत होते, रचना कळत नव्हती. दोघांनाही अर्धीच कविता ओळखीची. उरलेली अर्धी ज्याच्यापाशी आहे, त्याच्याकडे बघावे लागेल अशी ही मांडणी होती. तेंडुलकरांना कामाठीपुऱ्यात जावे लागले तसे वस्तीतल्या पोरांनाही पुस्तकाकडे यावे लागले. सत्तरच्या दशकात दलित तरुणांनी मराठी कवितेकडे जी धाव घेतली, तिच्यामागे एवढे एक कारण तरी नक्की होते: आपल्या आळीत हळू आवाजात बोलायची भाषा छापली जाते, हे त्यांनी डोळ्यांनी पाहिले.

एक कविता जवळून पाहू. ‘गोलपिठा’तली ‘माणसाने’ तुमच्यापैकी अनेकांनी वाचली असेल. तिचे व्याकरण बघा. कविता लांब आहे आणि जवळजवळ सगळी विध्यर्थी क्रियापदांवर चालते. माणसाने असे करावे, तसे करावे. हा आपल्या पोथ्यांचा, स्मृतींचा, व्रतकथांचा सूर आहे. काय खावे, काय शिवू नये, कुणी कुठे बसावे, हे शतकानुशतके आपल्याला याच क्रियापदात सांगितले गेले. ढसाळ तोच सूर उचलतात आणि त्यात भरतात नासधूस. माणसाने स्वतःपासून सुरुवात करून नीती, धर्म, ग्रंथ, संस्था, नाती अशा सगळ्यांवर हात टाकावा. यादी संपत नाही. ऐकणारा आधी दचकतो, मग हसतो, मग कंटाळतो. कंटाळ्यापलीकडे गेला की त्याला कळते, हे क्रियापद आपल्या अंगवळणी किती पडले आहे. आणि अगदी शेवटी, त्याच क्रियापदात, कविता वळते. या सगळ्यातून जे मागे उरतील त्यांनी कुणाला गुलाम करू नये, कुणाला लुटू नये, रंगावरून आणि वर्णावरून माणूस मोजू नये, आभाळाखाली आणि जमिनीवर एका कुटुंबासारखे राहावे. संतांना शोभेल असा हा शेवट आहे. फरक इतकाच की संतांच्या अभंगाला चाल असते, टाळ असतात, शेवटी आपण सगळे मिळून म्हणतो आणि घरी जातो. इथे टाळ नाहीत. शेवटची विनंती मान्य करायची असेल तर आधीची नासधूस पुरती ऐकावी लागते आणि तिची जबाबदारी एकट्याने घ्यावी लागते.

चाल काढून घेतली की श्रोत्याचे असे होते. कोरसमध्ये लपता येत नाही. मंडईत नोट देणाऱ्याचे नाव पुकारतात तसे ही कविता ऐकणाऱ्याचे नाव पुकारते, पण त्याने काहीच दिलेले नसताना.

आता संघटनेकडे. १९७२च्या मे महिन्यात मुंबईत दलित पँथर निघाली. अमेरिकेतल्या ओकलंडला १९६६मध्ये स्थापन झालेल्या ब्लॅक पँथर पार्टीवरून नाव घेतलेले. निमित्ते घरचीच होती. अस्पृश्यांवरच्या अत्याचारांची नोंद करणारा इळयापेरुमल समितीचा अहवाल १९७०मध्ये संसदेपुढे आलेला, पुणे जिल्ह्यातल्या बावड्याचा सामाजिक बहिष्कार, परभणीकडच्या ब्राह्मणगावात झालेली दलित स्त्रियांची विटंबना, आणि रिपब्लिकन पक्षाच्या पुढाऱ्यांची आपसातली भांडणे. पण पँथरची एक गोष्ट जगात क्वचित दिसते. तिचे म्होरके बहुतेक लेखक होते. नामदेव ढसाळ, राजा ढाले, ज. वि. पवार, अर्जुन डांगळे. संघटनेचे पहिले मोठे वादळ उठले तेही एका लेखावरून. १५ ऑगस्ट १९७२च्या ‘साधना’त ढाल्यांनी काळ्या स्वातंत्र्यदिनावर लिहिले आणि झेंड्याच्या अपमानाची शिक्षा व दलित बाईच्या अब्रूची किंमत शेजारी शेजारी ठेवली. राज्यभर गदारोळ झाला. कवितेतली रीत पुन्हा तीच: दोन गोष्टी, ज्या सभ्य माणूस एका वाक्यात आणत नाही, त्या एका वाक्यात आणायच्या.

१९७३च्या जाहीरनाम्यात ढसाळांचा हात स्पष्ट दिसतो. दलित कोण, याचे उत्तर त्यात जातीपुरते ठेवलेले नाही. अनुसूचित जाती-जमाती आणि नवबौद्धांबरोबर कामगार, भूमिहीन, गरीब शेतकरी, स्त्रिया, असे जे जे नाडले गेले ते सगळे त्यात येतात. राजकीय पत्रक म्हणून ही व्याख्या पेलायला जड होती आणि ती पेलली नाहीच. दोन वर्षांत फूट पडली. ढसाळ कम्युनिस्ट झाले असा ढाल्यांचा आरोप होता. मार्च १९७७मध्ये ढाले आणि पवार यांनी पँथर बरखास्त केल्याचे जाहीर केले. पण ‘गोलपिठा’ वाचलेल्या माणसाला ती व्याख्या कुठून आली हे लगेच कळते. ज्या कवितेत वेश्या, हिजडा, भिकारी, गिरणी कामगार एकाच पंगतीला बसले आहेत, त्या कवीला चळवळीची पंगत लहान करणे शक्यच नव्हते.

इथे मला भंडाऱ्याचा एक जुना प्रसंग आणि मुंबईचा एक प्रसंग शेजारी ठेवायचा आहे. मे १९५४. भंडारा लोकसभेची पोटनिवडणूक. मतदारसंघ दुहेरी, म्हणजे एक जागा सर्वसाधारण, एक राखीव आणि प्रत्येक मतदाराला दोन मते. बाबासाहेब राखीव जागेवर उभे होते. प्रकृती साथ देत नव्हती, तरी ते सभा घेत होते. काही कार्यकर्त्यांचे गणित असे होते की आपल्या लोकांनी एकच मत द्यावे, दुसरे वाया घालवावे, म्हणजे जागा निघेल. बाबासाहेबांनी तसे सांगायला नकार दिला, ही आठवण या जिल्ह्यात पिढ्यान्‌पिढ्या सांगितली जाते. राज्यघटना घडवणाऱ्याने मत वाया घालवा असे कसे सांगावे? सर्वसाधारण जागेवर अशोक मेहता निवडून आले. बाबासाहेब काँग्रेसच्या भाऊराव बोरकरांकडून आठ हजारांहून अधिक मतांनी हरले.

आणि जानेवारी १९७४. मध्य मुंबईत लोकसभेची पोटनिवडणूक. ५ जानेवारीला वरळीच्या बीडीडी चाळींत पँथरची सभा झाली आणि तिथून बहिष्काराची हाक गेली. सभेवर दगडफेक, मग दंगल, मग पोलीस. १० जानेवारीच्या मोर्चावर वरून टाकलेल्या दगडाने भागवत जाधव हा तरुण मारला गेला. निवडणुकीत काँग्रेसचे रामराव आदिक पडले आणि कम्युनिस्ट पक्षाच्या रोझा देशपांडे निवडून आल्या. मत वाया घालवू नका म्हणून हरलेली एक निवडणूक आणि मत देऊच नका म्हणून गाजलेली दुसरी. मधे वीस वर्षे.

कोण बरोबर, याचा निवाडा मी इथे करणार नाही. मला वेगळे दाखवायचे आहे. गर्दीपुढे उभ्या राहणाऱ्या माणसाला शेवटी गर्दीला काहीतरी करायला सांगावे लागते. कवितेत ढसाळ ‘करावे’ म्हणत होते, सभेत त्यांना ‘करा’ म्हणणे भाग होते. कवितेतल्या नासधुशीला शेवटी एक वळण आहे, तिथे पोचेपर्यंत ऐकणाऱ्याला वेळ मिळतो. सभेत तो वेळ नसतो. दगड आधी येतो. पानावरची कविता मैदानात आणण्याची पहिली किंमत ही होती आणि ती कवीपेक्षा वस्तीतल्या पोरांनी जास्त मोजली.

दुसऱ्या किमतीविषयी बोलताना आपण सहसा आवाज खाली आणतो, पण स्मृतिव्याख्यानात तसे करणे म्हणजे स्मृतीलाच दगा देणे. १९७६मध्ये, आणीबाणी चालू असताना, ढसाळांनी इंदिरा गांधींवर ‘प्रियदर्शिनी’ लिहिली. पुढे ते शिवसेनेच्या जवळ गेले, ‘सामना’त सदर लिहिले. ज्या वरळीत त्यांच्या सभेवर दगड पडले होते, त्या वरळीच्या लोकांना याचा अर्थ लावता येईना. याच काळात ‘तुही इयत्ता कंची’, ‘खेळ’, ‘गांडू बगीचा’, ‘या सत्तेत जीव रमत नाही’ असे एकाहून एक संग्रह आले. कविता त्या तडजोडींच्या मागे गेली नाही. यावरून काही जण म्हणतात, माणूस सोडा, कविता घ्या. मला ते पटत नाही. ज्याने कविता आणि राजकारण एका अंगावर आणले, त्याचे अंग बाजूला काढून कविता कशी घेणार?

आणि हे अंग घरातही होते. मलिका अमर शेख या शाहीर अमर शेखांच्या कन्या, स्वतः कवयित्री. ‘वाळूचा प्रियकर’ हा त्यांचा संग्रह १९७९चा. ढसाळांशी झालेल्या संसाराची, त्यातल्या हिंसेची आणि एकटेपणाची कहाणी त्यांनी ‘मला उद्ध्वस्त व्हायचंय’मध्ये लिहिली. हे शीर्षक वाचताना ‘माणसाने’ ही कविता आठवतेच. नवऱ्याने जगाला सांगितलेली नासधूस बायकोच्या वाट्याला आली तर तिचा चेहरा कसा असतो, ते पुस्तक दाखवते. शाहिराच्या घरात चाल होती, मैदान होते, गर्दी होती. चाल सोडलेल्या कवीच्या घरात ती मुलगी आली आणि तिने तिसरीच जागा निवडली, एकटीचा जबाब. ढसाळांच्या कवितेला मिळालेल्या उत्तरांपैकी सर्वांत धीट उत्तर म्हणून मी त्या पुस्तकाकडे पाहतो. ढसाळ वाचायचे तर ते शेजारी ठेवूनच वाचावेत.

आता आपल्या जिल्ह्याकडे येतो. २९ सप्टेंबर २००६. मोहाडी तालुक्यातल्या खैरलांजीत भोतमांगे कुटुंबातल्या चौघांची, आईची, मुलीची आणि दोन मुलांची, जमावाने हत्या केली. बातमी राज्यात पोचायला आठवडे गेले. नोव्हेंबरात विदर्भातली शहरे रस्त्यावर आली. २००८मध्ये भंडाऱ्याच्या न्यायालयाने आठ जणांना दोषी ठरवून त्यांतल्या सहांना फाशी सुनावली. जुलै २०१०मध्ये नागपूर खंडपीठाने ती पंचवीस वर्षांच्या जन्मठेपेवर आणली. अॅट्रॉसिटी कायदा दोन्ही ठिकाणी लागला नाही. कारण सुडाचे धरले गेले, जातीचे नाही. न्यायालयाचे शब्द पुराव्याला बांधलेले असतात, मान्य. पण मग जे घडले त्याचे पूर्ण नाव घेण्याचे काम उरते आणि ते भाषेचे काम आहे. १९७२मध्ये ढाल्यांनी झेंडा आणि लुगडे शेजारी ठेवले होते, ते याच कामासाठी.

खैरलांजीनंतरच्या काळात हे काम कुणी केले? बहुतेक शाहिरांनी. म्हणजे चाल परत आली. आनंद पटवर्धनांचा ‘जय भीम कॉम्रेड’ हा २०११चा चित्रपट मुंबईच्या रमाबाई नगरातल्या १९९७च्या गोळीबारापासून सुरू होतो. तो गोळीबार ११ जुलैचा, दहा माणसे गेली आणि चार दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी गळफास घेतला. तिथून चित्रपट खैरलांजीपर्यंत आणि पुण्याच्या कबीर कला मंचापर्यंत येतो. संभाजी भगतांचा पहाडी आवाज, शीतल साठेंची गाणी, आणि पुढे मंचाच्या कलावंतांवरचे खटले व तुरुंगवास, हे सगळे तुम्ही पाहिले, वाचले आहे. २०१४च्या ‘कोर्ट’ चित्रपटात तर हाच प्रश्न न्यायालयात उभा राहतो: गाणे ऐकून माणूस मेला, असा शाहिरावर आरोप. ती भूमिका नागपूरच्या वीरा साथीदारांनी केली. ते स्वतः कवी, संपादक आणि कार्यकर्ते होते. गाण्यातले ‘करावे’ कायद्याने ‘करा’ म्हणून वाचायचे ठरवले तर काय होते, याचा त्याहून चांगला धडा मला माहीत नाही.

चाल परत आली याचा मला आनंद आहे. पण एक धास्तीही आहे. चालीला बाजार लवकर मिळतो. एप्रिलच्या मिरवणुकीत डीजेच्या भिंतीसमोर भीमगीतावर नाचणाऱ्या पोराला शब्द ऐकू येत नाहीत. झाडीपट्टीच्या नाटकांना लोटणारी गर्दी अभिमानाची गोष्ट आहे, पण गर्दीला जे आवडते तेच द्यायचे हे गणित तिथेही जड होत चालले आहे. चाल श्रोत्याला आत घेते आणि तिथेच झोपवतेही. ढसाळांना ते माहीत होते. शाहिराच्या घरचे जावई असून त्यांनी शाहिरी उचलली नाही, ती काही गळा नव्हता म्हणून नव्हे.

म्हणून या जिल्ह्यातल्या नव्या कवींपुढे एक प्रस्ताव ठेवतो आणि थांबतो. तुमच्याकडे ढसाळांकडे नव्हत्या अशा दोन गोष्टी आहेत. पहिली, झाडीबोली. तिच्यात ‘ळ’ आणि ‘ण’ नाहीत, काळा तिथे ‘कारा’ होतो आणि पाणी ‘पानी’. पुण्या-मुंबईच्या वाचकाला ती अर्धीच कळेल. तेंडुलकरांसारखे त्याला विचारत यावे लागेल, येऊ द्या. डॉ. हरिश्चंद्र बोरकरांनी ही बोली लिहिती करण्यासाठी, तिचे साहित्य उभे करण्यासाठी आयुष्य घातले. पण आज तिच्यात बरेचसे लिहिले जाते ते गावाच्या आठवणींचे, गोडव्याचे. धानाचा चुकारा थकला तर त्याविषयी तिच्यात लिहा. गोसीखुर्दच्या धरणाचा पाया १९८८मध्ये घातला गेला, त्यात ज्यांची गावे उठली त्यांच्याविषयी लिहा. विडी वळणाऱ्या बाईच्या बोटांविषयी आणि खैरलांजीविषयी याच बोलीत लिहा. बोली म्हणजे आजीची गोधडी नव्हे, तिच्यात भांडताही येते.

दुसरी गोष्ट, मंडई. तिथे चालीची गर्दी आयती जमलेली असते. गंमतीच्या मंडळींशी बोला. मध्यरात्री, दोन प्रसंगांच्या मधे, दहा मिनिटे मागून घ्या. ढोलकीवाल्याला थांबायला सांगा आणि बिनचालीची एक कविता म्हणा. पहिल्या वर्षी लोक शिट्ट्या वाजवतील, कुणी चहा प्यायला उठेल. दुसऱ्या वर्षी थोडे थांबतील. श्रोत्यांना काय ‘करा’ म्हणायचे, याचा मात्र आधी नीट विचार करून जा. वरळीच्या पोरांची आणि मलिकाताईंच्या पुस्तकाची एवढी शिकवण आपल्याला पुरेशी आहे. आणि घरी जे तुमची कविता ऐकतात, त्यांनाही मैदानातल्या श्रोत्याइतकाच उलट बोलण्याचा हक्क द्या.

ढसाळांचा पुतळा उभारणे सोपे आहे. त्यांची रीत उचलणे अवघड आहे, कारण ती अर्धवट उचलता येत नाही. शब्द घेतले आणि गर्दी सोडली तर ती पुस्तकी होते. गर्दी घेतली आणि अवघडपणा सोडला तर घोषणा होते. दोन्ही घेऊन उभे राहणारा एक कवी या जिल्ह्यातून यावा, त्याने झाडीबोलीत यावे, आणि ती कवयित्री असेल तर अधिक चांगले, एवढी अपेक्षा व्यक्त करतो.